दोन कालिया

हिंदी चित्रपटात कालिया नावाची दोन माणसं पंधरा वर्षांच्या अंतराने आली आणि दोन्ही मराठी नटांनी उभी केली. त्यातला दुसरा सगळ्यांना ठाऊक आहे. 'शोले'मध्ये (1975) गब्बरसिंगसमोर मान खाली घालून उभा राहिलेला, खाल्ल्या मिठाची आठवण देणारा आणि तरीही गोळी खाणारा तो कालिया विजू खोटे यांनी केला. पडद्यावर तो काही मिनिटंच दिसतो. पहिला कालिया बी. आर. चोप्रा यांच्या 'कानून'मधला (1960). चोरीसाठी एका सावकाराच्या घरात शिरलेला हा भुरटा चोर त्याच रात्री तिथं झालेल्या खुनाच्या आरोपात सापडतो. सबंध चित्रपटाचा खटला त्याच्या मानेभोवती फिरतो. हे काम करणाऱ्या नटाला फिल्मफेअरचा सर्वोत्तम सहायक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला आणि पुढे आणखी एका चित्रपटासाठी तोच पुरस्कार पुन्हा मिळाला. त्या नटाचं नाव नाना पळशीकर.

आज चित्रपटांची आवड असलेल्या मराठी माणसापाशी हे नाव काढलं, तर बहुतेक वेळा समोरचा थोडा वेळ विचार करतो. चेहरा दाखवला की मात्र लगेच म्हणतो, 'अरे, हे तर नेहमी दिसायचे!' या 'नेहमी दिसायचे'मध्ये एका माणसाचं जवळजवळ अर्धं शतक जमा आहे. त्यांनी चित्रपटात पाऊल ठेवलं 1930च्या दशकात आणि ते गेले 1984 साली.

सहायक नट विस्मरणात जातात याचं एक ठरलेलं स्पष्टीकरण आपण देत आलो आहोत: काम लहान, म्हणून आठवणही लहान. हे स्पष्टीकरण मला साफ चुकीचं वाटतं, आणि ते चुकीचं असल्याचा पुरावा या दोन कालियांतच आहे. ज्याचं काम लहान होतं तो घराघरांत पोहोचला, आणि ज्याच्यावर चित्रपट तोलला होता तो पुसला गेला. म्हणजे विसर पडण्याची कारणं भूमिकेच्या लांबीत नाहीत आणि नटाच्या गुणवत्तेतही नाहीत. ती दुसरीकडे शोधायला हवीत. माझं म्हणणं असं, की सहायक नटाची अनामता घडवली जाते. आठवण साठवण्याच्या आपल्या रीती, चित्रधंद्यातली पैशाची व्यवस्था आणि कायदा, या तिघांनी मिळून ती घडवलेली आहे.

आधी 'कानून'मध्ये पळशीकरांना काय करायचं होतं ते पाहू. चित्रपटातला वकील (राजेंद्रकुमार) आपल्या डोळ्यांनी पाहतो की खून न्यायाधीश बद्रीप्रसाद (अशोककुमार) यांनी केला आहे, किंवा निदान त्याला तसं दिसतं. हेच न्यायाधीश त्याचे भावी सासरे. पकडला जातो तो कालिया, आणि त्याचा खटला चालतो याच न्यायाधीशांसमोर. कालियाने खून केलेला नाही हे प्रेक्षकाला पहिल्यापासून माहीत असतं, त्यामुळे नटाला त्याचं निर्दोषत्व सिद्ध करायचं नसतं. त्याला करायचं असतं याहून अवघड काम. हा माणूस फासावर गेला तर काय बिघडतं, असा प्रश्न प्रेक्षकाच्या मनात क्षणभरही येऊ द्यायचा नसतो. तो चोर आहे हे चित्रपट लपवत नाही. त्याच्यामागे ना पैसा, ना घराणं, ना रूप. दुसऱ्या बाजूला एक सभ्य, विद्वान, प्रतिष्ठित न्यायाधीश आणि त्याची प्रेमळ मुलगी. कालियाचा जीव त्या सुखी घराइतकाच मोलाचा आहे असं प्रेक्षकाला वाटलं नाही, तर वकिलापुढचा पेच उरत नाही, आणि पेच उरला नाही तर चित्रपटही उरत नाही. अशोककुमारांचं संयत काम, राजेंद्रकुमारांची घालमेल, चोप्रांची मांडणी, या सगळ्याखाली पाया म्हणून आरोपीच्या पिंजऱ्यातला तो मळका माणूस आहे. नायकाच्या कामात कमी पडलं तरी चित्रपट कसाबसा चालून जातो. इथे कालिया ढिला पडला असता तर काहीच चाललं नसतं.

मग तो आठवत का नाही?

'कानून'मध्ये एकही गाणं नाही. त्या काळात हे मोठं धाडस होतं आणि चोप्रांचं त्याबद्दल कौतुकही झालं. पण हिंदी चित्रपटाची आठवण आपल्याकडे वाहत आली ती मुख्यतः गाण्यांतून. विविध भारतीवर निवेदक चित्रपटाचं नाव सांगतो, गायक सांगतो, संगीतकार आणि गीतकार सांगतो. नटाचं नाव त्या यादीत नसलं तरी गाणं ऐकताना पडद्यावरचा चेहरा डोळ्यांपुढे येतोच. ज्याच्या ओठांवर गाणं आलं तो पिढ्यान् पिढ्या फिरत राहिला. 'बूट पॉलिश'मधले (1954) डेव्हिड, म्हणजे डेव्हिड अब्राहम चेऊलकर, मुलांच्या गराड्यात गाताना आजही दिसतात. 'धूल का फूल'मधले (1959) मनमोहन कृष्ण त्यांच्या गाण्यामुळे दिसतात. या दोघांनाही त्या कामांसाठी फिल्मफेअर मिळालं होतं, जसं पळशीकरांना 'कानून'साठी. तिघांच्या यशाची जात एकच होती. पण दोघांना गाण्याचं वाहन मिळालं आणि तिसऱ्याला त्याच्या सर्वांत मोठ्या चित्रपटात ते मिळण्याची सोयच नव्हती.

दुसरं वाहन संवादांचं. 'शोले'च्या संवादांच्या ध्वनिमुद्रिका पॉलिडोर कंपनीने काढल्या आणि त्या अफाट खपल्या. लग्नाचे मांडव, गणपतीचे मंडप, पानाच्या टपऱ्या, उपाहारगृहं असे सगळीकडे ते संवाद वाजले. चित्रपट न पाहिलेल्या मुलांनाही ते पाठ झाले. विजू खोटे यांचा कालिया आणि मॅकमोहन यांचा सांबा अमर झाले ते त्या तबकड्यांवरून. यात खोटे यांच्या कामाला कमी लेखण्याचा हेतू नाही. भीतीने आवाज कसा आतल्या आत चिरकतो, हे त्यांनी त्या थोड्या वेळात जे दाखवलं ते फार थोड्यांना जमलं असतं. नंदू खोटे यांचे पुत्र आणि शुभा खोटे यांचे बंधू असलेल्या या नटाने रंगभूमी, दूरदर्शन मालिका, मराठी आणि हिंदी चित्रपट यांत दीर्घकाळ काम केलं. 2019 साली ते गेले तेव्हा मात्र बहुतेक बातम्यांच्या मथळ्यात कालियाच होता. प्रसिद्धीनेही त्यांना एका प्रसंगात बंद करून टाकलं. सहायक नटाला आठवण लाभते तेव्हाही ती त्याच्या कारकिर्दीची नसते, एखाद्या तुकड्याची असते. तुकडा कोणता, हे तबकडी काढणारी कंपनी ठरवते.

आता पैशाच्या व्यवस्थेकडे वळतो, कारण पळशीकरांच्या कारकिर्दीचा आकार तिथं ठरला. त्यांनी सुरुवात केली तेव्हा प्रभात, बॉम्बे टॉकीज यांसारख्या कंपन्या नटांना महिन्याच्या पगारावर ठेवत. पगारी नटाला या चित्रपटात राजा, पुढच्यात भिकारी, त्याच्या पुढच्यात सावकार असं काहीही करावं लागे. त्यातून नटाचा हात बसे आणि कंपनीलाही त्याच्यात नवनव्या गोष्टी शोधण्याचं कारण असे. दुसऱ्या महायुद्धानंतर ही व्यवस्था मोडली. युद्धकाळातल्या नफेखोरीचा पैसा चित्रपटांत आला, स्वतंत्र निर्माते उगवले आणि त्यांनी ताऱ्यांना मोठमोठ्या रकमा देऊन कंपन्यांबाहेर ओढलं. ताऱ्याच्या मानधनातच भांडवलाचा मोठा हिस्सा जाऊ लागला. उरलेल्या पैशांत बाकीची पात्रं भरायची, आणि तीही झटपट. दिवसावर, शिफ्टवर बोलावलेल्या नटाला भूमिका समजावून सांगायला कोणापाशी वेळ नव्हता. मग ज्याचा चेहरा पाहताच प्रेक्षक ओळखेल की हा पोलीस, हा वकील, हा मुनीम, हा गरीब बाप, त्यालाच बोलावणं सोयीचं. जगदीश राज जन्मभर पोलीस अधिकारी झाले आणि गिनीज बुकात त्यांचा विक्रमच नोंदला गेला. इफ्तेखारही बहुतेक वेळा त्याच गणवेशात दिसले. नाना पळशीकर गरीब झाले.

याला साचा म्हणून नाक मुरडण्याची पद्धत आहे. नटाची कुवतच तेवढी होती, असा त्यामागचा सूर असतो. मला हा अन्याय वाटतो. साचा नटाने निवडलेला नव्हता, बाजाराने निवडला होता. नटाच्या हाती उरत होतं ते एवढंच, की साच्यात भरलेलं माणूसपण खरं ठेवायचं की तेही सवयीने उरकायचं. पळशीकरांचं काम या कसोटीवर पाहावं.

बिमल रॉय यांच्या 'दो बीघा जमीन'मध्ये (1953) ते शंभूचे वृद्ध वडील आहेत. शंभूचं काम करणारे बलराज साहनी त्यांच्याहून जेमतेम काही वर्षांनी लहान. साहनींनी या भूमिकेसाठी कलकत्त्यात रिक्षा ओढण्याचा सराव केला, हे आपण पुन्हा पुन्हा सांगतो, आणि ते सांगण्याजोगं आहेच. पण शंभू ज्या दोन बिघ्यांसाठी शहरात जाऊन छाती फुटेस्तोवर धावतो, त्या जमिनीचं मोल पडद्यावर कोणाच्या रूपात दिसतं? त्या म्हाताऱ्याच्या. जमीनदाराला गिरणीसाठी जागा हवी आहे, भाव मिळतो आहे, व्यवहारी माणूस विकून मोकळा होईल. शंभूला विकवत नाही, कारण त्याच्या घरात एक माणूस आहे ज्याचं आयुष्य आणि ती माती वेगळी काढता येत नाही. साहनींची प्रत्येक धाव त्या बापामुळे कळते. पंचेचाळिशीच्या आसपासच्या नटाने हे वार्धक्य पाठीच्या बाकात, नजरेच्या संथपणात आणि बोलण्याआधीच्या थांबण्यात आणलं. आणि एकदा वार्धक्य पत्करल्यावर या धंद्यात तरुण होता येत नाही. नायक पन्नाशीतही कॉलेजात जातो. सहायक नट चाळिशीत म्हातारा होतो आणि मरेपर्यंत म्हाताराच राहतो. लीला चिटणीस यांचंही तेच झालं. 1940च्या आसपास अशोककुमारांची नायिका असलेली ही बाई दहा-बारा वर्षांत दिलीपकुमारांची आणि राज कपूर यांची आई झाली होती.

नंतर आला ख्वाजा अहमद अब्बास यांचा 'शहर और सपना', 1963 सालासाठी राष्ट्रपती सुवर्णपदक मिळवणारा. मुंबईत घर न मिळालेलं एक जोडपं सांडपाण्याच्या मोठ्या नळात संसार मांडतं. या चित्रपटाने पळशीकरांना दुसरं फिल्मफेअर दिलं. आणि शेवटाकडे, 1982 साली, रिचर्ड ॲटनबरो यांचा 'गांधी'. त्यात डॉ. श्रीराम लागू गोखले आहेत, रोहिणी हट्टंगडी कस्तुरबा आहेत. पळशीकर चंपारणमधला एक शेतकरी आहेत. या पात्राला नाव नाही, पात्रयादीत त्याची नोंद नुसती 'गावकरी' अशी आहे. झोपडीतल्या अंधुक उजेडात तो गांधींना सांगतो की आता नीळ कोणी विकत घेत नाही, मालकाला मात्र खंड रोखीत हवा आहे, आणि घरात काही उरलेलं नाही. बेन किंग्जले यांचा गांधी फक्त ऐकतो. तोवर वकिली बुद्धीने बोलणारा माणूस इथे गप्प होतो आणि हिंदुस्थानचं खेडं प्रथमच त्याच्या आत शिरतं. त्या ऐकण्याला वजन येतं ते सांगणाऱ्यामुळे. आठ ऑस्कर मिळवणाऱ्या, अवाढव्य गर्दीच्या त्या चित्रपटातला माझ्या मते सर्वांत मोलाचा प्रसंग एका अनामिक माणसाच्या थकलेल्या आवाजावर उभा आहे.

जमीन जाण्याच्या बेतात असलेला बंगाली कुळवाडी, खोट्या आरोपातला भुरटा चोर, बेघरांच्या मुंबईची कथा, नीळवाल्यांनी नागवलेला बिहारी शेतकरी. तीस वर्षांत दिग्दर्शक बदलले, रंग आले, इंग्रजी भाषा आली. माणूस तोच राहिला. कोणी ठरवून केली नसेल, पण ही एक सलग व्यक्तिरेखाच झाली आहे. नायकांच्या कारकिर्दीत असं सातत्य सापडत नाही, कारण नायकाला दर पाच वर्षांनी नव्या लाटेप्रमाणे बदलावं लागतं. स्वातंत्र्यानंतरच्या हिंदी चित्रपटाने गरीब माणसाकडे कसं पाहिलं याचा अभ्यास करायचा असेल, तर पळशीकरांचे चित्रपट क्रमाने लावून पाहण्याइतका चांगला मार्ग मला दुसरा दिसत नाही.

इथे एक आक्षेप आहे आणि तो मी हलका मानत नाही. हा गरीब नेहमी सोसणाराच का? तो हात जोडतो, सांगतो, वाट पाहतो. त्याची सुटका वकील, महात्मा किंवा धडधाकट मुलगा करतो. वर्षानुवर्षं असा गरीब दाखवून चित्रपटाने मध्यमवर्गीय प्रेक्षकाला दयेची सवय लावली आणि गरिबाच्या संतापाला पडद्यावर जागाच दिली नाही, असं म्हणता येईल. दलित साहित्याने 1960-70च्या दशकांत मराठीत जो आवाज उभा केला, त्याच्या शेजारी हा मुका, सोशीक माणूस ठेवला की आक्षेपाची धार जाणवते. आक्षेप खरा आहे. पण त्याचा पत्ता पटकथाकार आणि दिग्दर्शक यांचा आहे. नटाला लिहून दिलेल्या चौकटीत जे करता येतं, ते पळशीकरांनी केलं: त्यांनी या माणसाला लाचार होऊ दिलं नाही. त्यांचा कालिया गयावया करून सहानुभूती मिळवत नाही. चंपारणचा शेतकरी रडत नाही, हकिगत सांगतो. दु:ख मांडताना प्रेक्षकाकडे चोरून पाहायचं नाही, ही शिस्त त्यांच्याकडे होती. त्यांच्या पिढीतल्या कितीतरी नावाजलेल्या नायकांकडे ती नव्हती.

पुरस्कारांच्या यादीतही या नटांची जागा कशी आक्रसत गेली ते पाहण्यासारखं आहे. सहायक अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार 1955 साली सुरू झाला तो डेव्हिड यांच्यापासून. पहिल्या दहा वर्षांत मनमोहन कृष्ण, मोतीलाल, पळशीकर अशी नावं त्यात ठळक आहेत. मग हळूहळू दुय्यम नायकांनी ती जागा घेतली: दोनदा राजकुमार, 'आनंद'साठी अमिताभ बच्चन, 'हाथ की सफाई'साठी विनोद खन्ना, 'दीवार'साठी शशी कपूर. या सर्वांची कामं उत्तम होती. पण ज्यांच्यासाठी ही एक खिडकी उघडली होती, त्यांच्यापुढे ताऱ्यांची रांग येऊन उभी राहिली.

कायद्याची गोष्ट तर याहून कठोर आहे. 'कानून' प्रदर्शित झाला त्याच वर्षी, 1960 साली, हॉलिवूडच्या नटांनी संप केला आणि नव्या चित्रपटांच्या दूरचित्रवाणी प्रक्षेपणातून नटांना वाटा मिळेल हे मान्य करून घेतलं. जुन्या चित्रपटांच्या बदल्यात निवृत्तिवेतन आणि आरोग्य योजनेसाठी एकरकमी निधी मिळाला. तो संप ताऱ्यांपेक्षा छोट्या नटांच्या उपयोगी पडला. आपल्याकडे 1970च्या दशकाच्या अखेरीस देव आनंद यांच्यासारख्या ताऱ्याच्या प्रकरणातही मुंबई उच्च न्यायालयाने निकाल दिला की चित्रपटातल्या अभिनयाला कॉपीराइट कायद्याचं संरक्षण नाही. ताऱ्याची ही स्थिती, तर शिफ्टवरच्या नटाने काय मागायचं? पळशीकरांची पूर्ण कारकीर्द या पोकळीत गेली. 1994च्या दुरुस्तीने कलावंताचा हक्क कायद्यात आला, पण चित्रपटात काम करायला एकदा संमती दिली की तो हक्क तिथंच संपत होता. 2012 साली पुन्हा दुरुस्ती झाली आणि व्यावसायिक वापरासाठी मानधनाचा वाटा मिळण्याची तरतूद आली. मात्र त्याच दुरुस्तीने एक अट घातली: ज्याचं काम किरकोळ किंवा प्रासंगिक स्वरूपाचं आहे, आणि धंद्याच्या रीतीप्रमाणे ज्याचं नाव श्रेयनामावलीत दिलं जात नाही, तो कलावंतच नव्हे. त्याच्या कामाची विकृती केली तर त्याला हरकत घेता येईल, पण आपली ओळख दिली जावी असा हक्क त्याला सांगता येणार नाही. म्हणजे नाव दिलं नाही म्हणून तो कलावंत नाही, आणि कलावंत नाही म्हणून नाव मागता येत नाही. हे वर्तुळ संसदेने मंजूर केलेलं आहे. पळशीकरांचं नाव श्रेयनामावलीत असे, म्हणून ते या वर्तुळाबाहेर राहिले असते. 'कानून'च्या न्यायालयात बसलेले, 'दो बीघा जमीन'मध्ये रिक्षा ओढणारे, 'गांधी'च्या गर्दीत उभे असलेले बाकीचे लोक बाहेर राहिले नसते.

मराठी समाजाने या नटाला विसरण्यात आणखी एक कारण मिसळलं आहे. पळशीकरांचं नाव झालं ते हिंदीत. आपण मराठी चित्रपटाचा इतिहास लिहितो तेव्हा प्रभात, भालजी पेंढारकर, राजा परांजपे या वाटेने जातो, आणि तसंच जायला हवं. हिंदीचा इतिहास लिहिणारे ताऱ्यांच्या वाटेने जातात. मधल्या पट्ट्यात पळशीकर, धुमाळ, डेव्हिड अशी मराठी माणसं उरतात, ज्यांच्याशिवाय त्या काळातला हिंदी पडदा ओकाबोका दिसला असता. त्यांच्यावर स्वतंत्र ग्रंथ लिहिण्याची जबाबदारी कोणाचीच नसते.

हे काम आता करता येण्यासारखं आहे, आणि तातडीने करायला हवं. 'दो बीघा जमीन'ची नव्याने दुरुस्त केलेली प्रत 2025 साली व्हेनिस महोत्सवात दाखवली गेली. अशा प्रत्येक प्रतीसोबत चित्रपटातल्या प्रत्येक बोलत्या पात्रामागचा नट कोण, याची तपासलेली यादी प्रसिद्ध झाली पाहिजे. पुण्यातल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात जुन्या चित्रपटांच्या पुस्तिका, स्थिरचित्रं आणि जाहिराती आहेत. त्यांतल्या पात्रयाद्या नटाच्या नावाने शोधता येतील अशा रीतीने एकत्र लावणं हे दोन-चार अभ्यासवृत्त्यांचं काम आहे. चित्रपट शिकवणाऱ्या संस्थांनी दरवर्षी एका सहायक नटाची पूर्ण कारकीर्द अभ्यासाला लावावी. आणि 2012च्या दुरुस्तीतली ती अट काढून टाकावी, म्हणजे पडद्यावर एक वाक्य बोलणाऱ्यालाही आपलं नाव मागता येईल.